वजनाचा तक्ता मागण्याआधी माणसांची यादी करा

माझ्यासमोरच्या खुर्चीत येऊन बसणाऱ्या बहुतेकांची मागणी एकच असते. "ताई, एक चांगला डाएट चार्ट लिहून द्या, बाकी माझं मी बघते." आहारतज्ज्ञ म्हणून मला आता १९ वर्षं झाली. त्यातली पहिली सहा-सात वर्षं कुणी मागितला की मी तक्ता द्यायचे. वेळा, मापं, अदलाबदलीचे पदार्थ, सगळं नीट आखून. लोक तीन आठवडे तो मनापासून पाळायचे, चौथ्या आठवड्यात भेट पुढे ढकलायचे आणि मग फोन घेणंच बंद करायचे. यांची चिकाटीच कमी, असं मी तेव्हा मनात म्हणायचे. ते चूक होतं. त्या लोकांना माझ्याकडून काय मिळायला हवं होतं हे मला फार उशिरा कळलं, आणि त्याचं आजही वाईट वाटतं.

कळलं ते एका वहीच्या पानावरून. ४६ वर्षांच्या एक बाई, वजन १०४ किलो. मी त्यांना फक्त काय खाल्लं ते लिहायला सांगितलं होतं. त्यांनी आपणहून बरंच जास्त लिहिलं. एका दिवसाचं पान असं होतं:

दुपारी १.१० – जेवण. ऑफिसात, चौघीजणी. रोजच्यासारखंच.
संध्याकाळी ६.४० – भूक होती. काही खाल्लं नाही.
रात्री ८.४५ – जेवण. घरचे सगळे. हे म्हणाले, "एवढं खाऊन वजन कसं उतरणार?" अर्धं ताट ठेवून उठले.
रात्री ११.२० – बिस्किटांचा अख्खा पुडा. स्वयंपाकघरात, उभ्याने. दिवा लावला नाही.

त्या शेवटच्या तीन शब्दांवर मी कितीतरी वेळ अडकून होते. माझ्या तक्त्यात बिस्किटं किती चालतील ते होतं. न लावलेल्या दिव्याला त्यात जागाच नव्हती. अकरा वीसचा पुडा खरं म्हणजे पावणेनऊलाच सुरू झाला होता, आणि त्याची मुळं तर पावणेसातच्या मारलेल्या भुकेत होती. तेव्हापासून मी तक्ता शेवटी देते. आधी वही, मग माणसं, मग जागा, आणि सगळ्यात शेवटी ताट.

हा लेख त्या आधीच्या तीन गोष्टींबद्दल आहे. ज्यांचा बॉडी मास इंडेक्स, म्हणजे किलोतलं वजन भागिले मीटरमधल्या उंचीचा वर्ग, ३० किंवा त्याहून जास्त आहे (जागतिक आरोग्य संघटना प्रौढांमधला लठ्ठपणा तिथून मोजते) अशांसाठी, आणि तितकाच त्यांच्या घरच्यांसाठी. काय खावं यावर भरपूर लिहिलं गेलंय, ते मी इथे सांगणार नाही.

सुरुवात करण्याआधी मनातला एक खटला मात्र बंद करा. वजन म्हणजे इच्छाशक्तीची परीक्षा, आणि आपण नापास. जुळ्या भावंडांच्या अभ्यासांतून असं दिसतं की माणसामाणसातल्या वजनाच्या फरकातला साधारण ४० ते ७० टक्के भाग अनुवंशिक असतो. वजन उतरलं की शरीर ते परत मिळवायला धडपडतं. भूक वाढते, विश्रांतीतला ऊर्जेचा खर्च कमी होतो. टीव्हीवरच्या वजन घटवण्याच्या स्पर्धेतल्या १४ जणांचा अभ्यास २०१६ मध्ये प्रसिद्ध झाला. स्पर्धा संपून सहा वर्षं झाली तरी त्यांचं शरीर अपेक्षेपेक्षा रोज सुमारे ५०० किलोकॅलरी कमी जाळत होतं. ही माणसं आळशी नव्हती. आणि दुसरी बाजू अशी की जगातल्या प्रौढांमधला लठ्ठपणा १९९० पासून दुपटीहून जास्त वाढला. २०२२ मध्ये जगात दर आठ माणसांत एक जण लठ्ठपणासह जगत होता. तीस-बत्तीस वर्षांत माणसाची जनुकं बदलत नाहीत. बदललं ते भोवतालचं जग. म्हणून काम भोवतालावर करायचं.

वही

पहिला आठवडा खाण्यात काहीही बदल करू नका. हे ऐकून लोक निराश होतात, कारण ठरवून आलेल्या माणसाला लगेच काहीतरी सोडायचं असतं. तरीही नका करू. एका साध्या वहीत चार रकाने आखा: किती वाजता, काय, कोणाबरोबर आणि कुठे, आणि त्याच्या आधी काय घडलं. चौथा रकाना सगळ्यात महत्त्वाचा. तिथे "मीटिंगमध्ये बोलणी खाल्ली", "मुलीचा फोन आला नाही", "कंटाळा", "काहीच नाही, समोर होतं म्हणून" असं काहीही येऊ शकतं. वाक्य पूर्ण नसलं तरी चालेल, पण खाल्ल्यावर दहा मिनिटांच्या आत लिहा. रात्री आठवून लिहिलेली वही आपल्याला हवं तेच सांगते.

लिहिण्याचा फायदा नुसत्या माहितीपुरता नाही. २००८ च्या एका मोठ्या अभ्यासात, सुमारे १७०० माणसांमध्ये, रोजची नोंद ठेवणाऱ्यांचं वजन नोंद न ठेवणाऱ्यांपेक्षा दुप्पट उतरलं. त्यातला काही भाग असाही असणार की जो मुळात नेटाचा आहे तोच रोज लिहितो. पण माझ्या अनुभवात चौथा रकाना भरायला लागलेला माणूस हळूहळू स्वतःला शिव्या देणं थांबवतो, आणि मला तेवढंही पुरेसं आहे.

एक इशारा. आठवड्यातून एकदा तरी, तीन महिन्यांहून जास्त काळ, थोड्या वेळात खूप खाल्लं जातं, थांबवता येत नाही आणि नंतर स्वतःची किळस वाटते, असं होत असेल तर तो बिंज ईटिंग डिसऑर्डर असू शकतो. २०१३ पासून अमेरिकेतल्या मानसोपचारतज्ज्ञांच्या निदानसंहितेत त्याची स्वतंत्र आजार म्हणून नोंद आहे आणि त्यावर चांगले उपचार आहेत. अशा वेळी वही आणि तक्ता बाजूला ठेवून आधी मानसोपचारतज्ज्ञांना भेटा. खाणं आणखी आवळलं तर हा आजार चिघळू शकतो.

माणसं

आठवडा झाला की वही घेऊन शांत बसा आणि तिसऱ्या रकान्यात आलेल्या सगळ्या माणसांची एका कागदावर यादी करा. प्रत्येकापुढे एक खूण: याच्यासोबत माझं खाणं सोपं जातं, अवघड जातं, की दोन्ही. प्रामाणिकपणे केलीत तर बहुतेकांपुढे "दोन्ही" येतं. ज्या मैत्रिणीसोबत सगळ्यात जास्त खाल्लं जातं तीच दुखलं-खुपलं तर धावून येणारी असते. म्हणून ही यादी कुणाला आयुष्यातून काढण्यासाठी नाही, हे आधीच ठरवून घ्या.

माणसांचा परिणाम किती असतो? २००७ मध्ये निकोलस क्रिस्टाकिस आणि जेम्स फाउलर यांनी अमेरिकेतल्या फ्रेमिंगहॅमच्या हृदयविकार अभ्यासातल्या १२,०६७ माणसांच्या ३२ वर्षांच्या नोंदी तपासल्या. मित्र लठ्ठ झाला तर त्या माणसाची लठ्ठ होण्याची शक्यता ५७ टक्क्यांनी वाढलेली दिसली. भावंडाच्या बाबतीत ४० टक्के, जोडीदाराच्या बाबतीत ३७. नुसता शेजारी असेल तर काहीच नाही. लांब राहणाऱ्या मित्राचा परिणाम मात्र दिसला. म्हणजे एका ताटात जेवणं हेच काही कारण नव्हे. किती खाणं, किती वजन "ठीक" आहे याची आपली कल्पना आपल्या माणसांकडून बनते. या अभ्यासावर पुढे आक्षेप आले, आणि ते बरोबरच होते: सारखी माणसंच एकमेकांचे मित्र होतात, मग कुणामुळे कोण हे कसं ठरवणार? मी त्या टक्क्यांना धरून बसत नाही. पण माणूस एकटा जाड होत नाही आणि एकटा बारीकही होत नाही, हे मी रोज बघते.

सोबत जेवताना आपण जास्त खातो हे तर पक्कं दिसून आलंय. जॉन दे कास्त्रो यांनी लोकांच्या जेवणाच्या डायऱ्यांचा अभ्यास केला. एक माणूस सोबत असेल तर जेवण सुमारे एक तृतीयांशाने वाढत होतं, आणि सात किंवा जास्त माणसं असतील तर जवळजवळ दुप्पट होत होतं. गप्पा रंगतात, उठायला उशीर होतो, समोरच्याने घास उचलला की आपला हातही जातो. यावर उपाय म्हणून एकट्याने जेवू लागू नका. मी काही लोकांना तसं करताना पाहिलंय, आणि त्यांचं एकटेपण शेवटी पुन्हा खाण्यातच उतरलं. त्याऐवजी बसण्याआधी ठरवा की ताट एकदाच भरायचं. भांडी टेबलावर न ठेवता ओट्यावरच राहू द्या, वाढून घ्यायला उठावं लागलं पाहिजे. मोठ्या घोळक्यात सगळ्यात सावकाश जेवणाऱ्या माणसाच्या शेजारी बसा. बोलताना चमचा खाली ठेवा. समोरचा ढीग लहान असणं फार काम करतं: २००२ मधल्या एका प्रयोगात तोच पदार्थ ५०० ऐवजी १००० ग्रॅम समोर ठेवला तर लोकांनी ३० टक्के जास्त ऊर्जा पोटात घातली, आणि भूक मात्र तेवढीच भागल्याचं सांगितलं.

आग्रह करणाऱ्याला नकार कसा द्यायचा, हा प्रश्न मला सगळ्यात जास्त विचारला जातो. माझा सल्ला असा की कारण देऊ नका. "पोट बिघडलंय" म्हटलं की समोरचा त्यावर तोड काढतो. "डाएट चालू आहे" म्हटलं की "आजच्या दिवस काय होतंय" हे ठरलेलंच. "नको, माझं पोट भरलं. तू बस ना, मला तुझ्याशी बोलायचंय." एवढंच. आग्रहाच्या मुळाशी बहुतेक वेळा प्रेम असतं, त्या प्रेमाला दुसरी जागा द्या. जो माणूस तिसऱ्यांदाही ऐकत नाही त्याच्याशी जेवणाच्या टेबलावर नाही, एकांतात बोला.

घरच्यांशी बोलणं

मघाच्या बाईंच्या यजमानांना मी बोलावलं. ते आले, हाताची घडी घालून बसले. "मॅडम, मी तिच्या काळजीपोटीच बोलतो. मी नाही सांगणार तर कोण सांगणार?" त्यांचं खरं होतं. बाईंची परवानगी घेऊन मी ते पान त्यांच्यासमोर ठेवलं आणि गप्प राहिले. त्यांनी वाचलं. मग बोट पावणेनऊच्या ओळीवर ठेवून पुन्हा वाचलं, तिथून खाली सरकवत अकरा वीसपर्यंत आणलं. "दिवा का नाही लावलास?" त्यांनी बायकोला विचारलं. त्या म्हणाल्या, "तुम्ही उठाल म्हणून."

त्यानंतर आम्ही तिघांनी मिळून एक करार लिहिला. तुम्हीही लिहा, कागदावर, दोघांच्या सह्यांनिशी. त्यात त्यांनी थांबवायच्या गोष्टी दोनच होत्या. खाण्यावर काही बोलायचं नाही, टीका नाही आणि कौतुकही नाही. "आज किती कमी जेवलीस, छान" हेही नको, कारण त्याचा अर्थ उद्याही मी मोजणार आहे असाच होतो. आणि वजन विचारायचं नाही, ती सांगेल तेव्हा ऐकायचं. करायच्या गोष्टीही दोनच: संध्याकाळी साडेसहाला दोघांनी मिळून काहीतरी खायचं, आणि रात्री जेवणानंतर पंचवीस मिनिटं सोबत चालायचं. बिस्किटं घरात राहतील, पण वरच्या कपाटात, बंद डब्यात. कुणापासून लपवलेली नाहीत, फक्त हाताशी नाहीत. हा फरक दोघांनाही समजावून द्यावा लागतो.

माझ्याकडे येणाऱ्यांना मी घरी बोलायला एक ठरावीक वाक्यही देते, कारण नेमक्या त्या क्षणी शब्द सुचत नाहीत: "तू काळजीने बोलतोस हे मला कळतं. पण ते ऐकलं की मी लपून खाते. तुला मदत करायची असेल तर माझ्याबरोबर चाल." आधी त्याची भावना मान्य करायची, मग आपल्यावर काय परिणाम होतो ते सांगायचं, मग एकच नेमकं काम मागायचं. "मला सपोर्ट कर" असं मोघम मागितलं तर समोरचा पुन्हा राखणदारच होतो.

आणि हे घरच्या दुसऱ्या माणसालाही लाभतं. २०१८ मध्ये १३० जोडप्यांचा एक अभ्यास प्रसिद्ध झाला, ज्यात जोडीतला एकच जण वजनाच्या कार्यक्रमात होता. सहा महिन्यांत, ज्यांना काहीच उपचार नव्हते अशा जोडीदारांपैकीही ३२ टक्क्यांचं वजन ३ टक्के किंवा जास्त उतरलेलं होतं.

लाज

हे लिहिताना मला अजून राग येतो. माझा मोठा भाऊ एकेकाळी १२८ किलो होता. गुडघा दुखतो म्हणून तो एका दवाखान्यात गेला. तिथला वजनकाटा बाहेर, बसलेल्या सगळ्यांच्या समोर होता, आणि मदतनिसाने आकडा मोठ्याने पुकारला. कुणीतरी हसलं. आत डॉक्टरांनी गुडघ्याला हात न लावता "आधी वजन कमी करा" म्हणून परत पाठवलं. दादा त्यानंतर तीन वर्षं कुठल्याच डॉक्टरांकडे गेला नाही. रक्तदाब वाढलेला होता, ते तीन वर्षांनी कळलं. दादासारख्या माणसाला टोचून बोललं की त्याला धक्का बसेल आणि तो सुधारेल, असं मानणारे मला सुशिक्षितांत जास्त भेटतात. २०१३ मध्ये अँजेलिना सुटिन आणि अँतोनियो तेराचियानो यांनी अमेरिकेतल्या सहा हजारांहून जास्त माणसांच्या चार वर्षांच्या नोंदी पाहिल्या. वजनावरून भेदभाव सोसलेले लोक, जे आधी लठ्ठ नव्हते, ते नंतर लठ्ठ होण्याची शक्यता अडीच पट होती. जे आधीच लठ्ठ होते ते तसेच राहण्याची शक्यता तिप्पट. लाज माणसाला जिममधून, पोहण्याच्या तलावावरून आणि दवाखान्यातून हाकलते, आणि अंधारात फ्रीजपाशी नेऊन उभी करते.

म्हणून दवाखान्यात जाताना चार गोष्टी ठरवून जा. वजन आडोशाला करा आणि आकडा लिहून ठेवा, मोठ्याने सांगू नका, असं आधीच सांगता येतं. कारण नसेल तर त्या दिवशी वजन करायला नाही म्हणता येतं. दुखण्याबद्दल विचारा: "माझ्याजागी कमी वजनाचा माणूस आला असता तर तुम्ही काय तपासलं असतं?" हा प्रश्न नम्रपणे विचारला तर चांगला डॉक्टर थांबतो आणि तपासतो. आणि चालू असलेल्या सगळ्या औषधांची यादी दाखवा. स्टेरॉइड, इन्सुलिन, मानसिक आजारांवरची काही औषधं आणि नैराश्यावरची काही औषधं वजन वाढवतात. ती स्वतःहून कधीच बंद करू नका, पर्याय आहे का एवढं विचारा.

नैराश्याचं वेगळं सांगायला हवं. २०१० मध्ये अनेक दीर्घकालीन अभ्यास एकत्र करून पाहिले तेव्हा लठ्ठ माणसांना पुढे नैराश्य येण्याची शक्यता ५५ टक्क्यांनी जास्त, आणि नैराश्य असलेल्यांना पुढे लठ्ठपणा येण्याची ५८ टक्क्यांनी जास्त आढळली. वाट दोन्हीकडून आहे. सकाळी उठावंसंच वाटत नसेल तर चालायला जाण्याचा निश्चय महिनोन् महिने करत बसण्यापेक्षा आधी त्यावर उपचार घ्या.

औषधाने किंवा शस्त्रक्रियेने वजन उतरवणं म्हणजे पळवाट, असंही कुणाला म्हणू देऊ नका. सेमाग्लुटाइड या भूक कमी करणाऱ्या औषधाच्या २०२१ च्या चाचणीत सरासरी १५ टक्के वजन उतरलं. पण औषध थांबल्यावर वर्षभरात त्यातलं दोन तृतीयांश परत आलं. औषध भूक आवरतं. पावणेनऊचं वाक्य, आग्रह, अंधार, हे सगळं जिथल्या तिथे असतं, त्यामुळे वही औषध घेणाऱ्यांनाही लागते.

आणि काही गोष्टी तुमच्या हातात नाहीत हेही मान्य करा. रात्रपाळी, दोन-दोन नोकऱ्या, घराबाहेर पडलं की चालायला सुरक्षित जागा नाही. अमेरिकेत १९९४ ते १९९८ या काळात गरीब वस्तीतल्या काही कुटुंबांना सोडतीने चांगल्या वस्तीत राहायला जायची संधी मिळाली. दहा-पंधरा वर्षांनी पाहिलं तेव्हा त्या संधी मिळालेल्या बायकांमध्ये तीव्र लठ्ठपणाचं प्रमाण कमी होतं. आहाराबद्दल त्यांना कुणी काही शिकवलं नव्हतं. ज्याची परिस्थिती अवघड आहे त्याने स्वतःकडून कमी अपेक्षा ठेवाव्यात, पण त्या सोडू नयेत.

जागा आणि सवय

वहीतली सगळ्यात अवघड वेळ निवडा, एकच. तिच्यासाठी "जर असं झालं, तर मी हे करीन" असं वाक्य लिहा. पीटर गोलविट्झर या मानसशास्त्रज्ञाने अशा वाक्यांवर खूप काम केलंय. "रात्री खाणार नाही" हे वाक्य कामाचं नाही, कारण त्यात करायचं काहीच नाही. बाईंचं वाक्य असं होतं: "जर रात्री अकरानंतर स्वयंपाकघरात गेले, तर आधी दिवा लावीन, ताटलीत काढून घेईन आणि बसून खाईन." बिस्किटं बंद नव्हती. पहिल्या रात्री त्यांनी दिवा लावून, खुर्चीवर बसून नऊ बिस्किटं खाल्ली. मी त्यांना सांगितलं, हे झालं.

किती दिवसांत सवय लागते? २१ दिवसांची गोष्ट विसरा. लंडनमधल्या २०१० च्या एका अभ्यासात मधला आकडा ६६ दिवस निघाला, पण कुणाला १८ लागले आणि कुणासाठी अंदाज २५४ पर्यंत गेला. त्याच अभ्यासात मधे एखादा दिवस चुकला तरी सवय लागण्यात फारसा फरक पडला नव्हता. एक सवय रुळली की दुसरी धरा.

झोपेकडे लोक लक्षच देत नाहीत. साडेसहा तासांपेक्षा कमी झोपणाऱ्या ८० जास्त वजनाच्या प्रौढांपैकी निम्म्यांना २०२२ मधल्या एका चाचणीत फक्त झोपेचं मार्गदर्शन मिळालं. त्यांची झोप सव्वा तासाच्या आसपास वाढली आणि खाणं, तुलनेतल्या गटापेक्षा, रोज २७० किलोकॅलरींनी कमी झालं. खाण्याबद्दल कुणी त्यांना चकार शब्द बोललं नव्हतं.

घसरल्यावर

घसरणार आहातच, त्यामुळे त्याची तयारी आधीच करा. धोका एका जेवणाचा नसतो. "आता बिघडलंच आहे तर सोमवारपासून बघू" या वाक्याचा असतो. व्यसनमुक्तीवर काम करणाऱ्या अॅलन मार्लॅट यांनी हेच दाखवून दिलं होतं: एकदा चुकणं आणि पुन्हा पूर्ण घसरणं यांच्या मधे त्या चुकीला माणूस काय नाव देतो ते उभं असतं. तुमचा सोमवार म्हणजे पुढचं जेवण. ते नेहमीच्या वेळी, नेहमीएवढं घ्या. भरपाई म्हणून उपाशी राहू नका, पावणेसातची भूक आठवा.

वजन आठवड्यातून एकदा, त्याच दिवशी, सकाळी. पाण्यामुळे एखादा किलो वर-खाली होतोच. आकड्याने दिवसभर मन खचत असेल तर वजन करायचं काम दुसऱ्या कुणावर सोपवा आणि महिन्याने ऐका. पण पूर्ण बंद करू नका. २००६ मध्ये रीना विंग यांच्या गटाने, आधीच बरंच वजन उतरवलेल्या ३१४ जणांना दीड वर्ष पाहिलं. नुसती माहितीपत्रकं मिळालेल्यांपैकी ७२ टक्क्यांचं वजन २.३ किलो किंवा जास्त परत वाढलं. समोरासमोर भेटणाऱ्या गटात हे प्रमाण ४६ टक्के होतं. वजन उतरलं की भेटी बंद करायच्या, ही आपल्याकडे सगळ्यांची सवय आहे, आणि खरी गरज नेमकी तेव्हाच असते.

भेटायचं कुणाला? विंग आणि रॉबर्ट जेफरी यांनी १९९९ मध्ये काही माणसांना एकेकटं घेतलं, काहींना तीन मित्रांसह. मित्रांसह आलेल्या आणि एकमेकांना आधार द्यायला शिकवलेल्या गटातल्या ६६ टक्क्यांनी उतरलेलं वजन दहाव्या महिन्यापर्यंत पूर्ण टिकवलं. एकट्याने येऊन नेहमीचे उपचार घेतलेल्यांत २४ टक्क्यांनी. म्हणून यादीतून तीन नावं काढा. त्यांना वजनाची समस्या असलीच पाहिजे असं नाही. दर आठवड्याला एक ठरलेला वार आणि वेळ, पाऊण तास. माझ्याकडचा गट गुरुवारी बसतो आणि त्याचे नियम असे आहेत: आकडा सांगायचा नाही. विचारल्याशिवाय सल्ला द्यायचा नाही. प्रत्येकाने आपल्या वहीतली चौथ्या रकान्यातली एक ओळ वाचायची, बाकीच्यांनी ती नुसती ऐकायची. आणि जो दोन गुरुवार आला नाही त्याला तिसऱ्या दिवशी फोन करायचा, वजनाचं काही न विचारता.

त्या बाईंचं वजन चौदा महिन्यांत ९ किलोंनी उतरलं. नातेवाइकांना ते फार वाटलं नाही. पण वजनात ५ टक्के घट झाली तरी रक्तदाब आणि साखर सुधारायला लागते, आणि त्यांची सुधारली. मधे चार महिने त्या गायब होत्या, आईच्या आजारपणात. परत आल्या तेव्हा तीन किलो वाढलं होतं, आणि तोंडातून पहिला शब्द आला "सॉरी". मी वही मागितली. त्या चार महिन्यांतली पानं कोरी होती, फक्त शेवटच्या पानावर आदल्या रात्रीची एक ओळ होती.

रात्री ११.४० – चार बिस्किटं. स्वयंपाकघरात. आईची आठवण आली. दिवा लावला होता. हे पण उठून आले, बसले.